रस्त्यावरून दिसणारी झाडं

ती : मागच्या वाटेने? चिखलातून? नवे बूट घातलेत तिने.

तो : बूट धुता येतात. आज छोटीला शाळेत मागच्या वाटेने ने म्हटलं ना.

ती : आज मी नेतच नाहीये. शेजारच्या ताईंची पाळी आहे, दोघी पोरींना त्याच नेणार. येतीलच पाच मिनिटांत.

तो : मग सांग, छोटीला बरं नाही.

ती : ती बघ, आरशासमोर गाणं म्हणतेय. झालंय काय तुला? काल आल्यापासून धड जेवला नाहीस. झाडांवर खुणा करायचा रंगसुद्धा हातावरून धुतला नाहीस.

तो : काल शाळेच्या रस्त्यावरची झाडं बघितली. मोजणीला गेलो होतो.

ती : आपली चाळीस?

तो : आपली चाळीस. त्यातल्या सात-आठांच्या बुंध्याशी जमीन फाटलीय, डोंगराच्या बाजूने. माझा हात मनगटापर्यंत आत गेला. वाऱ्याने झाड हललं की भेग उघडते, परत मिटते.

ती : आणि पहाटेपासून वारा सुटलाय.

तो : म्हणून तर सांगतोय.

ती : पण ती तर आपण वाचवली ना रे?

तो : ती वाचवली आणि मागची सगळी तोडली. घोळक्यात वाढलेली झाडं एकमेकांच्या आडोशाने उभी असतात. वारा कशाशी खातात ते त्यांना ठाऊकच नसतं. मागचा डोंगर भुंडा केला, की पुढची ओळ उघडी पडते.

ती : मागे किती तोडलं?

तो : माथ्यापर्यंत.

ती : मी रोज जाते तिथून. मला कसं दिसलं नाही?

तो : दिसू नये म्हणूनच पुढची ओळ ठेवतात. लाकूड कंपनीत आम्ही तिला पडदा म्हणतो.

ती : आम्ही म्हणे! मी उन्हातान्हात सह्यांसाठी दारोदार फिरत होते, तेव्हा तू इथे बसून मटार सोलत होतास. तोंडातून एक शब्द नाही.

तो : त्याच्या आधी बोललो होतो. सभेत. पाच झाडांतलं एक काढायचं, चार वर्षं थांबायचं, मग पुन्हा एक. राहिलेल्यांना मुळं पसरायला जागा मिळते. नकाशा घेऊन उभा होतो तुमच्यासमोर. कुणीतरी ओरडलं, बकरी कशी पाळायची ते आता खाटकाला विचारायचं का? सगळे हसले. तूही.

ती : मी नव्हते हसले.

तो : पहिल्या रांगेत होतीस.

ती : ...हसले असेन.

तो : मग तुमचा अर्ज आला. ‘रस्त्यावरून दिसणारं एकही झाड तोडू नये.’ साहेबांनी ऑफिसात मोठ्याने वाचून दाखवला. म्हणाले, ह्या बाईंचा सत्कार करायला हवा. पाचात एक मोजत बसायची कटकटच गेली. रस्त्यावरून न दिसणारं सगळं आपलं.

ती : ते वाक्य माझं आहे.

तो : अक्षर ओळखलं मी.

ती : आणि घरी येऊन गप्प बसलास.

तो : घर कंपनीचं. छोटी तेव्हा दवाखान्यात. साहेबांना म्हटलं, हा पडदा टिकायचा नाही. तर म्हणाले, लोकांनीच मागितलाय, लोकांच्या विरोधात आपण कसं जायचं?

ती : शाळेत सांगितलंस?

तो : काल संध्याकाळीच. मोठ्या बाई म्हणाल्या, लेखी द्या. लेखी द्यायला साहेबांची सही लागते.

(दारावर थाप. शेजारीण, सोबत तिची मुलगी.)

शेजारीण : झालं का गं छोटीचं? अगंबाई, भाऊजी अजून घरात? आज झाडांना सुट्टी वाटतं!

ती : ताई, आज पोरींना रस्त्याने नको न्यायला. मागच्या वाटेने जाऊ, मी येते बरोबर.

शेजारीण : का गं?

ती : ती झाडं पडतील असं वाटतंय. जमीन फाटलीय.

शेजारीण : आपली झाडं? पाट्या लावलेली?

ती : हो. आणि पोरी रोज तिथेच थांबतात. आपापल्या नावाच्या झाडाला हात लावल्याशिवाय पुढे पाऊल टाकत नाहीत.

शेजारीण : कल्पना तुझीच होती. छान होती. भेग तू पाहिलीस?

ती : ह्याने पाहिली.

शेजारीण : असं होय! म्हणजे कंपनीला आता तीही चाळीस हवीत.

तो : वहिनी, कंपनीला माहीतसुद्धा नाही मी हे बोलतोय ते.

शेजारीण : भाऊजी, तुम्ही पगारी माणूस, तुमच्यावर राग नाही. पण हिचं नवल वाटतं. तूच म्हणाली होतीस ना गं, झाड धोक्याचं आहे असं सांगायला लागले, की समजायचं करवतीला धार लावून झाली? मी पाठ केलंय ते. दहा जणींना ऐकवलंय.

ती : म्हणाले होते. चुकले मी.

शेजारीण : तेव्हा नव्हतीस चुकली. काय झालं मध्ये? बढतीबिढती?

ती : ताई, तुमच्या पाया पडते. मागची वाट फक्त दहा मिनिटांनी लांब आहे.

शेजारीण : दहा मिनिटांचा प्रश्न नाही. आज आपणच घाबरून वाट बदलली, तर उद्या ती माणसं येऊन खुशाल तोडतील. म्हणतील, बघा, लोकच घाबरतात. चल गं बाळा, आपण दोघी जाऊ. आज सगळ्या झाडांना हात लावू.

ती : ताई! अहो ताई!

तो : जाऊ दे. नाही ऐकायच्या त्या. निदान आपली तर राहिली घरात.

ती : काय म्हणालास?

तो : तसं नाही गं...

ती : तसंच. माझ्याही मनात आधी तेच आलं. म्हणून तर लाज वाटतेय. आपल्या ग्रुपवर टाकलंय आत्ता. वाचू? ‘वहिनींचा नंबर कुणीतरी वापरतंय का?’ ‘शेवटी कंपनीचं मीठ खाल्लंय.’ आणि हे एक, नुसतं हसणारं तोंड. सात जणांनी टाकलंय.

तो : चपला कशाला घालतेस?

ती : तू छोटीला मागच्या वाटेने पोचव. मी धावत वळणावर जाते, ताई पोचायच्या आत, झाडांच्या अलीकडे. रस्त्यात आडवी उभी राहते.

तो : कुणी थांबणार नाही तुझ्यासाठी.

ती : ऐकायला नाही थांबणार. भांडायला थांबतील.

तो : आणि काय सांगशील त्यांना?

ती : काही नाही. शिव्या खाईन. वारा पडेपर्यंत पुरतील एवढ्या आहेत लोकांकडे.