भुंग्याला भाऊ नाही

पण मला एक सांगा, आपल्याला भाऊ नाही असं दादानं का सांगितलं? साधा प्रश्न आहे! आणि सांगितलं कुठं, तर मासिकात! फोटोसकट! आईला विचारलं, तर ती म्हणाली, "आधी बाहेरचे कपडे आत घे, भिजतील." पाऊस नव्हता हो! ऊन होतं कडक! दादाच्या बँडमधला टकल्या, तो ड्रम वाजवतो, त्याला विचारलं, तर म्हणाला, "मला काय विचारतोस? त्यालाच विचार." कधी म्हणाला? दादाला पोचवून परत येताना! आता कुठं जाऊन विचारू? आणि दादाला जिवंतपणी विचारलं होतं की मी! गिटारची तार बदलत होता, दातात पक्कड, म्हणाला, "थांब रे, सांगतो." थांबलो. आठ वर्षं थांबलो. मग तीन दिवस ताप आला आणि... चार महिने झाले. जाऊ दे.

तर तुम्हाला सांगतो, मी वेल्डिंगवाला. शिक्षण सातवी, तीही नापास. लोकांच्या खिडक्यांना जाळ्या बसवतो, त्यापलीकडं मला काही कळत नाही. आणि आमच्या घरी आलं एक पाकीट! रॉक वाजवणाऱ्या लोकांचा मोठा कोश निघतोय म्हणे, त्यात दादाचं अख्खं एक पान. दादाला सगळे भुंगा म्हणायचे, गिटार तशी घोंघावायची त्याची. आईनं चष्मा लावला, पान वाचलं. मग म्हणाली, "अरे, 'पायरीवरचे दोघे' हे गाणं टकल्याचं म्हणून लिहिलंय. ते तर आपल्या दादाचं ना? जा, सांगून ये." सांगून ये! मलाही वाटलं, पाच मिनिटांचं काम. तसाच निघालो, डोळ्यावरचा चष्मासुद्धा काढला नाही, वेल्डिंगचा काळा चष्मा हो, जिन्यात दोनदा धडपडलो...

कोशवाल्यांचं ऑफिस, तिसरा मजला. एवढीशी खोली, एक टेबल, तीन कपाटं, आणि टेबलामागं तपासनीस बाई. पेन्सिल अशी टोकदार की बघूनच टोचावी. या बाईंचं काम काय, तर कोशात जे जे लिहिलंय ते खरं की खोटं ते बघायचं. मी म्हटलं, "बाई, ते गाणं माझ्या दादाचं आहे. आणि आणखी एक, दादाला भाऊ आहे. मी." बाई गोड हसल्या. म्हणाल्या, "छापलेलं आहे का?"

"काय?"

"तुम्ही म्हणता ते कुठं छापून आलंय का? आम्ही छापलेलंच धरतो."

अहो, मी आईच्या पोटातून आलो, छापखान्यातून नाही! पण बोलणार कोणाला? मी खिशातून जन्माचा दाखला काढला. आईचं नाव, बापाचं नाव, शिक्का, सगळं. बाईंनी दोन बोटांनी तो परत सरकवला. "हा कागद आहे. प्रकाशित नाही." आणि मासिक पुढं केलं, "हे प्रकाशित आहे." त्यातल्या मुलाखतीत दादाचे शब्द: मी एकुलता एक. त्याच मुलाखतीत दादानं सांगितलंय की त्याचा जन्म चालत्या ट्रकमध्ये झाला! ट्रकमध्ये! मी म्हटलं, "बाई, सरकारी दवाखान्यात झाला, सकाळी सव्वानऊला, आईला विचारा." बाई म्हणाल्या, "ट्रक दोन ठिकाणी छापून आलाय." म्हणजे ट्रक खरा, आणि आई खोटी!

कोशाच्या पानात पुढं वाचतो तर, 'डावखुरा वादक'. डावखुरा! ती पहिल्या अल्बमवरच्या फोटोची करामत. छापणाऱ्यानं फोटो आरशातल्यासारखा उलटा छापला, आणि दादा हसत बसला, "राहू दे, भारी दिसतंय." मी बाईंना म्हटलं, "लहानपणापासून त्याच्या थोबाडीत खाल्ल्या आहेत मी. सगळ्या या डाव्या गालावर. समोरचा माणूस उजव्या हातानं मारतो तेव्हा लागते कुठं? डाव्या गालावर! हा घ्या गाल!" बाईंनी गालाकडं बघितलं. अगदी नीट बघितलं हो, चष्मा पुसून. आणि म्हणाल्या, "छापलेलं आहे का?"

डोकं फिरलं माझं. टेबलावर हात आपटला, पेन्सिलींचा डबा खाली, सगळ्या पेन्सिली कपाटाखाली! मग काय, मीच ओणवा होऊन गोळा करतोय, आणि वरून बाई शांतपणे, "सतरा होत्या." उठून निघालो तरी सुटका नाही! खालच्या वॉचमननं येताना पास दिला होता, त्यावर बाईंची सही झाल्याशिवाय तो बाहेर सोडत नाही. आणि बाई म्हणतात, पानावरचे सगळे मुद्दे तपासून झाल्याशिवाय मी सही करत नाही. अजून अकरा मुद्दे! जन्मभर लोकांना जाळीच्या आत बसवलं, त्याची फेड अशी होणार असं कोणाला वाटलं होतं?

शेवटी आलं गाणं. बाईंनी विचारलं, "हे गाणं भुंगा यांचं, हे तुम्ही कशावरून म्हणता?" म्हटलं, "मी तिथं होतो ना!" आणि मग सांगत सुटलो. मी नऊ वर्षांचा, दादा सतरा. खेळताना घराची किल्ली हरवली मी. आई कारखान्यातून सातला येणार, दुपारचे दोन वाजलेले. दादा मारणार म्हणून मी आधीच रडायला लागलो. त्यानं नाही मारलं. शेजारी पायरीवर बसला, माझ्या डब्याचं झाकण घेतलं आणि वाजवायला लागला. पाच तास. आई येईपर्यंत गाणं झालं होतं, माझ्या गणिताच्या वहीच्या मागच्या पानावर. टकल्या छापून सांगतो की ते दोघे म्हणजे तो आणि त्याची कोणीतरी! अहो, ते दोघे म्हणजे मी आणि...

बाईंची पेन्सिल थांबली. "ती वही आहे?"

नाही. सातवीत नापास झालो त्या दिवशी रागानं फाडली मी. मीच.

बाईंनी पेन्सिल खाली ठेवली. मग हळू आवाजात, "हे बघा, एक मार्ग आहे. प्रत्यक्ष हजर असलेल्या माणसानं सही करून जबाब दिला, तर तो आम्ही छापलेल्याच्या तोडीचा धरतो. गाण्याखालचं नाव मी आत्ता बदलते. चारला पानं छपाईला जातात."

"मग द्या ना! मी हजर होतो!"

"पण तो माणूस नातेवाईक नसावा."

बघा म्हणजे! भाऊ असलो तर माझ्या शब्दाला किंमत नाही. भाऊ नसलो तर साक्षीदार! घड्याळात साडेतीन. बाईंनी फॉर्म सरकवला. सगळ्यात वर रकाना, 'मृताशी नातं'.

मी विचारलं, "समजा, काही नाही असं लिहिलं... त्याला छापलेलं लागेल?"

"नाही," बाई म्हणाल्या, "ते छापलेलं आहेच."

खरंच होतं हो. दादानंच छापून ठेवलं होतं.

आई घरी वाट बघत होती. पेन घेतलं. माझं अक्षर म्हणजे मुंग्यांची रांग, पण त्या दिवशी सावकाश, नीट लिहिलं. किल्ली, झाकण, पायरी, पाच तास, सगळं. मग वरच्या रकान्यात लिहिलं: कोणी नाही. आणि खाली सही केली, नुसत्या नावाची. आडनाव गाळलं. आमचं एकच आहे ना... बाईंना उगाच तपासत बसावं लागलं असतं.