आईने बघायचं नसतं

जेरोदिना : उभी काय राहिलीस? बस म्हटलं ना. चार वर्षांनी तोंड दाखवलंस, आणि आता आलीस तर खांबासारखी उभी.

पास्का : बसते. आधी ही टोपली कुठे ठेवू ते सांग.

जेरोदिना : ठेव की खाली. अंडी आहेत काय त्यात?

पास्का : नुसत्या जमिनीवर नको. आणि घरात तर नकोच.

जेरोदिना : मग काय झाडाला टांगू? छावणीत होतीस तशीच आहेस बघ. बोअरिंगच्या रांगेतसुद्धा असंच, बोलायचं नाही, नुसतं बघत राहायचं. त्या दिवशी एक शब्द बोलली असतीस तर मी तुझा कॅन लाथाडला नसता.

पास्का : रांगेत मी पुढे होते.

जेरोदिना : होतीस. आता कबूल करते, होतीस. तेव्हा जीव गेला असता तरी केलं नसतं. हे घे, पाणी पी.

पास्का : पाणी नंतर.

ओब्वोना : कोण आलंय, सूनबाई?

जेरोदिना : छावणीतली पास्का, मामंजी. आमच्या मागच्या रांगेत राहायची. पाणीसुद्धा घेत नाही बाई. अजून राग धरून बसलीय वाटतं.

पास्का : राग घेऊन दोन दिवस चालत कोण येतं, जेरोदिना? मी छावणीतूनच येतेय.

जेरोदिना : तिथे आता काय उरलंय? झोपड्या मोडल्या, माणसं आपापल्या गावी गेली. लाबेजाचं रान लाबेजाला परत मिळालं.

पास्का : त्यानेच सांगावा धाडला. पावसाआधी ज्याची त्याची माणसं उचला, म्हणाला. ट्रॅक्टर घालणार आहे.

ओब्वोना : त्याचं तरी काय चुकलं? वीस वर्षं लढाई झाली. जंगलातले बंडखोर पोरं पळवतात म्हणून सरकारने आपल्याला त्याच्या रानात आणून कोंबलं. जिवंत होते ते घरी आले. मेलेले त्याच्याच नांगराखाली राहिले.

जेरोदिना : आम्ही नाही ठेवलं कुणाला. गेल्या उन्हाळ्यातच मामंजी आणि भावकीतली माणसं जाऊन माझ्या ओदोचला घेऊन आली. ते बघ, कोठारामागे, दगड लावलेत ना, तिथे. आधी रोज स्वप्नात यायचा गं. ओला असायचा, दाराबाहेर उभा राहून पाणी मागायचा. घरी आणला आणि स्वप्नं थांबली. आता रोज सकाळी तिथे जाऊन बसते. तीळ किती झाले, कोंबडी कुठे अंडी घालते, सगळं सांगते. लोक म्हणतात, जेरोदिना दगडांशी बोलते. म्हणू देत. आणि तू? आणलीस तुझी मुलगी?

पास्का : खणलं मी. माझ्या खुणेच्या दगडाखाली.

जेरोदिना : तू? स्वतः? आपल्या अचोली लोकांत आईने बघायचं नसतं, पास्का. कबर उघडायची ती भावकीने, कापडात बांधून आणायचं ते भावकीने. आईने मागे राहायचं.

पास्का : माझ्यासाठी बघणारं कोण उरलं होतं? नवरा गेला, सासरा गेला. दीर आहे, त्याला मी नकोच आहे. भावाने माती काढली आणि तोंड फिरवून उभा राहिला. मग मीच बघितलं.

ओब्वोना : सूनबाई, ऊन उतरतंय. पाहुणीला कण्या घाल शिजायला. बाकीचं नंतर बोला.

पास्का : नाही काका. आताच बोलायचंय. जेरोदिना, माझ्या लेकीच्या कमरेला तीन पदरी लाल मणी होते. तिच्या आजीने ओवलेले. पुरताना मी ते काढले नाहीत. त्या खड्ड्यात मणी नव्हते.

जेरोदिना : तुटले असतील. मातीत गेले असतील.

पास्का : माती चाळली मी, मूठ मूठ. एक मणी नाही सापडला. पायाचं हाड सापडलं. डाव्या. नडगीवर एवढी गाठ.

जेरोदिना : कसली गाठ?

पास्का : मोडून वेडंवाकडं जुळलेल्या हाडाची.

जेरोदिना : छावणीत काय एकाचाच पाय मोडला होता?

पास्का : त्या ओळीत पुरलेल्या पोरांत एकाचाच. चर्चच्या आंब्यावरून पडलेला. तू पट्टीला बांबू शोधत रांगारांगांतून पळत होतीस.

जेरोदिना : तू काय सांगायला आलीयेस?

पास्का : तुला कळलंय, जेरोदिना.

जेरोदिना : नाही कळलं! माझा ओदोच तिकडे आहे, कोठारामागे. मामंजी, सांगा हिला. हिने कॅनचा सूड उगवायला दोन दिवस पायपीट केलीय. चार वर्षं डोक्यात धरून बसली होती!

ओब्वोना : ओरडू नकोस, पोरी.

जेरोदिना : का नको? माझ्या अंगणात येऊन ही म्हणते माझा मुलगा टोपलीत आहे!

पास्का : पटकी आली तेव्हा आपली पोरं एकाच दिवशी गेली. सात खड्डे एका ओळीत. माझीची खूण प्लास्टिकचा निळा पेला, तुझ्याची लाकडाचा क्रॉस. मग उन्हाळ्यात आग लागली. पेला वितळला, क्रॉस जळाला, वर दुसऱ्यांनी झोपड्या बांधल्या. त्या हटल्यावर आपण आठवेल तसे दगड मांडले. तू चर्चकडून मोजत आलीस, मी बोअरिंगकडून. मध्ये अदलाबदल झाली.

जेरोदिना : मी बरोबर मोजलं होतं.

पास्का : मलाही तसंच वाटत होतं. तेव्हा आपण एकमेकींशी बोलत असतो तर विचारलं असतं. दहा पावलांवर होतीस तू. मी खाली मान घालून दगड मांडत होते आणि तू पाठ करून.

जेरोदिना : उघड ती टोपली.

ओब्वोना : सूनबाई, नाही. आईने बघायचं नसतं.

जेरोदिना : नाही बघितलं म्हणूनच तर ही वेळ आली, मामंजी! उघड, पास्का. नाही तर दे इकडे, मी उघडते.

(जेरोदिना टोपलीवरचं कापड बाजूला करते. नडगीचं हाड उचलून गाठीवरून अंगठा फिरवते.)

जेरोदिना : हा पाय मी चोळायचे. रोज संध्याकाळी तेल लावून. गाठ जाईल म्हणून. गेलीच नाही. ओदोच... माझ्या राजा, किती लांबून आलास रे.

पास्का : मी वाटेत कुठेही खाली ठेवला नाही. पाणी पिताना मांडीवर घ्यायचे.

जेरोदिना : मग तिकडे कोण आहे? मामंजी, तुम्ही वर का बघत नाही? कोठारामागे मी वर्षभर कुणाशी बोलतेय?

पास्का : काका, कबर तुम्ही उघडलीत. हाताने उचललंत. तुम्हाला मणी दिसले असतील.

ओब्वोना : दिसले.

जेरोदिना : काय?

ओब्वोना : लाल होते. तीन पदरी. दोरा कुजला होता, पण मणी जागच्या जागी होते. मुलाच्या कमरेला मणी नसतात, हे मला काय कुणी शिकवायला हवं?

जेरोदिना : आणि तुम्ही गप्प बसलात?

ओब्वोना : बसलो. इकडे बोकड कापून झाला होता. भावकी जमली होती. तू दारात उभी होतीस, तीन महिने धड जेवली नव्हतीस, काडीसारखी झाली होतीस. रिकाम्या हाताने आलो असतो तर तुलाही पुरावं लागलं असतं. मुलगा गेला, नातू गेला, सून तेवढी उरली होती. बाकीच्यांना दिसायच्या आत मी मणी कापडात गुंडाळले आणि म्हणालो, हा ओदोच. दुसऱ्या दिवशी तू जेवलीस. मग कसं सांगणार होतो?

जेरोदिना : आणि माझ्या पोराला त्या रानात टाकून आलात. ट्रॅक्टरखाली.

ओब्वोना : हो. ते माझ्या हातून झालं. रोज तू तिथे जाऊन बसायचीस आणि मी इथून बघायचो. एक दिवस असा नाही की मेल्याहून मेल्यासारखं झालं नाही. त्याला आणायला परत जाईन म्हणत होतो. पाय उचलला नाही. काय सांगून जाणार होतो?

जेरोदिना : पण मग माझी स्वप्नं का थांबली?

ओब्वोना : ते मला नाही सांगता येणार, पोरी.

पास्का : जेरोदिना, मला माझी मुलगी हवीय.

जेरोदिना : थांब. जरा थांब. इथेच राहू दे तिला. दोघं राहतील शेजारी शेजारी, छावणीत होती तशी. मी दोघांचं करीन. तू येत जा. हवं तेव्हा ये, महिनाभर राहा. तिला आता हे अंगण सवयीचं झालंय गं.

पास्का : मी झोपडी बांधलीय. कोठार उभं केलंय, एकटीने. नाचणी पेरायला जमीन साफ केली, तर दीर येऊन म्हणतो, ही जमीन तुझी कशी? नवरा कुठे मेला ते माहीत नाही, पोरगी छावणीत पडलीय. या जमिनीत तुझं कोण झोपलंय ते दाखव. भावकी बसली तेव्हा म्हाताऱ्यांनी माझी बाजू घेतली नाही. पावसाआधी दाखव, एवढंच म्हणाले. मला दाखवायला तेवढी एकच आहे.

ओब्वोना : बरोबर आहे. ज्याची माणसं जमिनीत, त्याचीच जमीन. आमच्यातही तसंच मानतात.

जेरोदिना : मग हीच टोपली नेऊन पुरायची होतीस, पास्का. कुणाला कळलं असतं? बघितलं होतंस तू एकटीनेच. ही माझी पोरगी म्हणाली असतीस, जमीन मिळाली असती.

पास्का : आलं होतं मनात. दोनदा. जिथे तुझी वाट आणि माझी वाट फुटते, तिथे बसलेच मी. घराकडे वळलेसुद्धा होते.

जेरोदिना : मग?

पास्का : तो आंब्यावरून पडला तेव्हा तू हाक मारली होतीस. सगळी छावणी बाहेर आली होती त्या हाकेने. ती आठवली. रात्रंदिवस माझ्या अंगणात कुणी दुसऱ्याचं पोर झोपलंय आणि त्याची आई कुठेतरी त्याला हाका मारतेय, असं मला नसतं राहता आलं.

ओब्वोना : मला राहता आलं.

पास्का : मी तुम्हाला काही म्हणत नाही, काका.

ओब्वोना : तू नको म्हणूस. मी म्हणतोय. सूनबाई, माझा बोकड सोड, तो काळा. पुन्हा माती उघडायची तर रक्त द्यावं लागेल, आणि ते मीच द्यायचं. या खेपेला भावकीला बोलवीन आणि सगळ्यांसमोर सांगीन काय केलं ते. मग ही पोर हिच्या गावी पोचवायला मी स्वतः जाईन. म्हाताऱ्यांपुढे उभा राहून सांगेन, माझ्या हाताने उचललीय, हिचीच आहे. मला ओळखतात तिकडे.

जेरोदिना : दोन दिवस चालवेल तुम्हाला?

ओब्वोना : चार लागले तर लागू देत.

जेरोदिना : पास्का, आता तरी पाणी पी. टोपली दे माझ्याकडे. मांडीवर घेऊन बसते मी.

पास्का : जड नाही. अगदी हलका आहे.

जेरोदिना : माहीत आहे. जन्मला तेव्हाही असाच होता.

पास्का : पाणी गोड आहे इथलं.

जेरोदिना : रांग नसते ना, म्हणून गोड लागतं. एक विचारू? तुझ्या मुलीचं नाव काय गं? मी आपली नेहमी पास्काची पोर, पास्काची पोर म्हणायचे. नाव कधी विचारलंच नाही.

पास्का : लामारो.

जेरोदिना : लामारो. वर्षभर ओदोच, ओदोच म्हणून हाका मारत होते तिला. एवढं सगळं ऐकून घेतलं बिचारीने. कोंबड्यांचं, तिळाचं, माझ्या गुडघ्याचं. कंटाळली असेल.

पास्का : बडबड आवडायची तिला. माझ्याकडे नव्हती.

जेरोदिना : चल, भावकी यायच्या आत तिला सांगून ठेवू. एकदम कुदळ पडली तर घाबरेल.

पास्का : मी हाक मारू?

जेरोदिना : थांब, आधी मी मारते. माझा आवाज सवयीचा झालाय तिला. लामारो, ए लामारो, ऊठ बाळा. आई आलीय तुझी न्यायला.