धोंडाळीला सारा लावा

माझं माहेर पेठचं, हमरस्त्याला लागून, आमच्या रानात उभं राहिलं की नाशिकच्या गाड्या दिसायच्या, आन लग्न करून दिलं ते घोडेगावच्या वर, डोंगराच्या अंगाला, जिथं एसटी सकाळी येती आन संध्याकाळी आली तर आली. काय सांगू ताई तुमाला, अंगाची हळद निघाली नव्हती तवर सासूबाईंनी पहिलं काम काय सांगितलं, तर ओढ्यातला एक धोंडा डोक्यावर घे आन आपल्या वरच्या तुकड्यात टाकून ये. मला वाटलं देवाचं काय असंल. कुंकू लावलं, नेला, टाकला. बघते तर तिथं नुसते धोंडेच धोंडे, घरात आलेल्या हरेक सुनेनं एकेक टाकलेला. त्या तुकड्याचं नावच धोंडाळी.

सासूबाई फार बोलायच्या न्हाईत, पण भात लावताना कंबर धरली की उभं राहून एखादी गोष्ट काढायच्या. त्यांनी सांगितलं ते असं, की इंग्रजाच्या आधी गावचा पाटील उभं पीक बघायचा, कमी पिकलं तर गयावया करून सारा, म्हणजे जमिनीचा कर, थोडा कमी करून घेता यायचा. मग इंग्रज आला. त्यानं सगळं शिवार साखळीनं मोजलं, जमिनीची प्रत लावली, माती काळी आन खोल असंल तर सारा जास्त, मुरमाड असंल तर कमी, आन एकदा लावला की पाऊस पडो न पडो, रोख भरायचा. आता आमच्या घरात सुगीला भात असायचं, रोकड कुठली असायला. सारा भरायची वेळ सगळ्या गावाची एकच, मग सगळेच भात घेऊन बाजारात जायचे आन भाव पडायचा. पिकवणारा घरी वरी खायचा.

तर पैमाशीचा, म्हणजे मोजणीचा साहेब आला, आमराईत राहुट्या टाकल्या, आन खालच्या शिवारापास्नं मोजत मोजत वर यायला लागला. आमच्या घरच्या बायकांनी काय केलं, धुणं धुवायला म्हणून ओढ्यावर जायचं आन येताना पाटीत धोंडे भरून आणायचे. नुसते वर टाकले न्हाईत, मातीत गाडले, वर माती ओढली. प्रत लावणारा कारकून आला, त्यानं पहार मारली, खण. पलीकडं मारली, खण. तिसरीकडं मारली आन पहारीचं टोक वाकलं. त्यानं लिहून टाकलं, खराबा. खराबा म्हणजे पीक येत न्हाई अशी जागा, तिला सारा न्हाई. साहेब गेला आन घरात त्या दिवशी गोडाचं झालं म्हणे.

पण मोजणी एकदाच होत न्हाई, एका पिढीनं ते परत यायचे. म्हणून ही रीत पडली, सून आली की तिनं एक धोंडा टाकायचा. चांगली काळी माती धोंड्याखाली ठेवायची आन फटीफटीत जरा नाचणी फेकायची. पुढं इंग्रज गेला, पण धोंडे काढायचं कुणाच्या डोक्यात आलं न्हाई. आमच्या माणसांची ही लई मोठी चूक झाली, मी स्पष्ट बोलते. ज्याला फसवायचं तो गेला आन आमी आमालाच फसवत बसलो.

सासूबाई गेल्या, मागनं आमचे मालक गेले, मुलगा तवा बारावीला व्हता. वाटणी झाली. थोरल्या दिरांनी ओढ्याकाठचं भाताचं रान ठेवून घेतलं आन मला म्हणले, शोभा, तुला एकटीला किती लागतंय, तू धोंडाळी घे, तिला सारासुद्धा न्हाई, फुकटात पडली तुला. मी म्हणलं, बरं दादा. भांडायची तर भांडले असते, पण मला सासूबाईंची गोष्ट ठाऊक व्हती, आन बहुतेक त्यांना न्हवती. सासूबाई बायकांत बोलायच्या, पुरुषांत न्हाई.

दुसऱ्या दिवसापास्नं धोंडे काढायला लागले. जाऊबाई बांधावर येऊन उभ्या राहायच्या, म्हणायच्या, अगं, सुनांनी मानानं टाकलेलं तू उचलतीस, देव कोपंल. मी म्हणलं, कोपला तर कोपू दे, पण येताना एक पाटी घेऊन ये म्हणावं. उताराच्या अंगाला त्याच धोंड्यांची ताल घातली, म्हणजे माती वाहून जाऊ नये असा दगडी बांध. भात लावलं. भात असं आलं ताई, की जाऊबाई बांधावर यायच्या बंद झाल्या.

मग एका वर्षी काढणीच्या तोंडावर पाऊस झाला, सगळ्यांचं भात आडवं झालं. तलाठीभाऊ पंचनाम्याला आले. दिरांचं रान बघितलं, शेजारच्यांचं बघितलं, माझ्या रानाच्या कडेनं सरळ पुढं निघाले. मी आडवी झाले. ते म्हणले, मावशी, हा खराबा हाय, इथं पीक नसतंय. मी आडवं झालेलं भात मुठीत धरून म्हणलं, मग हे काय, माझे केस का? ते हसले, पण गेले पुढंच.

तेवढ्यावर भागलं असतं. पण थोरल्या दिरांनी खडी क्रशरवाला आणला. पांढरी गाडी, पांढरे बूट. म्हणले, शोभा, सरकारच म्हणतंय दगड हाय, दगडाची खडी करू, सही कर, तुझ्या पोराचं कल्याण होईल. क्रशर म्हणजे सुरुंग लावणार, डोंगर फोडणार, खालची माती धूळ होणार. मी म्हणलं, दादा, तुमच्या रानात लावा सुरुंग, त्याला तर सारा हाय, सरकार तुमाला ओळखतं. ते बोलले, शेत असतं तर गोष्ट वेगळी, हे शेत हाय असं दाखव तरी.

ते शब्द मी पदराला बांधून घेतले, सारा लागला की कागदावर शेत झालंच. घोडेगावला तहसीलात गेले, खिडकीवरच्या बाबूला म्हणलं, माझ्या जमिनीला सारा लावा. तो म्हणला, बाई, सारा माफ करा असं म्हणायचंय तुमाला. मी म्हणलं, न्हाई, लावा. त्यानं शेजारच्याला हाक मारली, अरे हिकडं ये, ह्या बाईला कर भरायचाय. दोघं हसले. मी म्हणलं, हसून झालं की अर्ज कुठं द्यायचा ते सांगा, मला दुपारची गाडी हाय. असल्या खेपा लई झाल्या. कधी साहेब मीटिंगला, कधी अर्ज वर, कधी खाली. मी डबा घेऊनच जायची आन त्यांच्या दारात बसून खायची, येणाऱ्याजाणाऱ्याला जेवायला बसा म्हणायची. शेवटी कंटाळून म्हणा न्हाईतर कसंही, तलाठ्याच्या वरचे सर्कलसाहेब जागा बघायला आले.

दीर आले, क्रशरवालापण आला, गाडीला टेकून उभा. मी सर्कलसाहेबांच्या हातात पहार दिली. म्हणलं, साहेब, तुमच्या आधीच्यानं मारून बघितली व्हती, तुमीबी मारा, पाहिजे तिथं मारा. त्यांनी मारली. आवाज आला न्हाई. पहार निम्मी आत. पलीकडं मारली, तिथंबी आत, आन उपसताना टोकाला काळी माती चिकटून आली. साहेबांनी ती बोटानं काढून बघितली. क्रशरवाला दिरांना म्हणला, काय राव, माती दाखवायला आणलं का मला? आन गाडी सुरू केली. दीर घराकडं वळले, शेत हाय असं दाखव हा शब्द त्यांचाच व्हता.

सारा लागला. एसटीच्या तिकिटाएवढासुद्धा न्हाई तो, पण मी स्वतः जाऊन भरते. त्या जुन्या बायकांना मी नावं ठेवत न्हाई. त्यांनी सारा चुकवून रान राखलं, मला लावून घेऊन राखायला लागलं, वेळ तशी आली.

औंदा सून आली. पोरगा चाकणला कंपनीत हाय, दोघं चार दिवस आले व्हते. जाऊबाईंनी तिला शिकवलं, धोंडा टाकायचा असतो. ती ओढ्यातनं खरंच घेऊन आली, कुंकू लावून, आन मला विचारती, आई, कुठं टाकू? मी म्हणलं, तालीवर ठेव, नीट बसव, हलता कामा नये. बसवला तिनं. वरच्या अंगाची ताल अजून अर्धी राहिलीय आन आता धोंडे कमी पडतात बघा. थोरल्या दिरांना निरोप धाडलाय, तुमच्या बांधाला पडले असतील तर द्या म्हणून. देव त्यांना उदंड आयुष्य देवो, अजून लई धोंडे लागणार हायेत मला.