खोट्या शेगडीतून आलेली हाक

व्हिएन्ना, दि. ८ नोव्हेंबर १९५६

नाव हेर्मिने अलोइस कोट्रबा, वय ६३ वर्षे, धंदा चित्रपटात चरित्र भूमिका करणे, राहणार ओटाक्रिंग, सोळावा विभाग, व्हिएन्ना. ठाण्यात स्वतःहून आले आहे व विचारल्यावरून सांगते की,

मी एकतीस वर्षे सिनेमात आहे. स्वयंपाकीण, नर्स, घरमालकीण, शेजारीण. लोकांना तोंड ठाऊक, नाव नाही. जबाब घेणारे इन्स्पेक्टर विंडिश यांनीही आधी 'तुम्ही त्या मोलकरीण ना?' असेच विचारले. हो, तीच.

गेल्या हिवाळ्यापासून माझे पाठांतर टिकत नाही. हे फक्त माझे पती अलोइस, वय ७०, यांना माहीत होते. ते नाटक कंपनीत प्रॉम्प्टर होते, म्हणजे आडून नटांना संवाद सांगणारे. स्टुडिओत कळले असते तर मला पुन्हा कोणी दारातही उभे केले नसते. आणि या चित्रपटात मला जन्मात पहिल्यांदा पानभर बोलणे मिळाले होते. जिचा मुलगा लढाईवरून परत आला नाही अशी आई. तीन मिनिटे, कॅमेरा माझ्या एकटीवर.

काल सकाळी दहाच्या सुमारास शॉट लागला. सेटवर खोली तापवायची उंच शेगडी होती, प्लायवुडची, आतून पोकळ. अलोइस कोणाला न कळता तिच्यात बसले. आवाज नंतर भरायचा होता, त्यामुळे कुजबुज खपून गेली असती. जागा अरुंद, म्हणून कोट बाहेर ठेवा असे मीच म्हणाले. छातीच्या गोळ्या कोटात होत्या. ते म्हणाले, "राहू दे गं, तीन मिनिटांचा तर मामला."

निम्मे पान त्यांनी नीट सांगितले. पुढचे वाक्य आले नाही. मग हळूच "हेर्मी" असे ऐकू आले. हे नाव त्या पानावर नव्हते. नंतर फळीवर नखे घासल्याचा आवाज.

मी हलले नाही. 'कट' म्हटल्याशिवाय आम्ही हलत नाही, अंगावर दिवा पडला तरी. पण ते निमित्त झाले. मला तो शॉट हवा होता. शब्द आठवेनात, म्हणून शेगडीकडे बघत गप्प राहिले. डोळ्यांतून पाणी येत होते. दिग्दर्शक योबस्ट यांनी कॅमेरा चालूच ठेवला. मिनिटभर तरी गेले असेल. कट झाल्यावर लोकांनी टाळ्या वाजवल्या. मी शेगडीचे मागचे दार उघडले. अलोइस गुडघ्यांत मान घालून बसले होते. हात गरम होते. डॉक्टर आले तोवर संपले होते.

योबस्टसाहेब संध्याकाळी घरी भेटायला आले. म्हणाले, "बाई, असं काम तुम्ही आजवर केलं नाहीत." तो तुकडा ते ठेवणार आहेत. मी हात जोडले, ऐकत नाहीत. माझी त्यांच्याविरुद्ध तक्रार नाही. माझ्याविरुद्ध आहे, पण तसे कलम नाही म्हणतात.

हे सर्व मला वाचून दाखवले. त्यात इन्स्पेक्टरसाहेबांनी दया येऊन 'मला काही ऐकू आले नाही' असे घातले होते. ते मी खोडायला लावले व 'हाक ऐकली' असे लिहून घेतले. फिल्मवर ती हाक नाही. फक्त या कागदावर आहे. आता बरोबर आहे.

सही : हेर्मिने कोट्रबा