अठरा इंची चाकं

अगं, मुलुंडला टायर बदलायला गेलो तेव्हाचं सांगते. आमच्या गाडीला सोळा इंची चाकं, पण दुकानदार नवऱ्याला अठरा इंची, रुंद टायरवाली दाखवत होता. "साहेब, गाडी एकदम झकास दिसेल."

मी म्हटलं, "वळताना आत घासतील."

तो हसला. "मॅडम, तुम्ही फक्त डिझाईन पसंत करा."

मला रागच आला. "पुढे एक बसवा आणि स्टिअरिंग पूर्ण वळवा."

त्याने बसवून वळवलं. टायर आतल्या प्लास्टिकला कर्रकन घासला. दुकानातले सगळे वळून बघायला लागले.

दुकानदाराने हळूच विचारलं, "साहेब, मग कुठला साईज लावू?"

नवरा म्हणाला, "मला काय विचारता? मॅडमना विचारा."

मी ड्रायव्हरच्या दारावरच्या स्टिकरवरचा साईज वाचला, दुकानदाराने तो लिहून घेतला.