धुऊन-पुसून ठेवलेला पुरावा

हॅलो?… हो, पुरातत्त्व विभाग. मीच बोलतेय… बोला इन्स्पेक्टरसाहेब.

हाडं सापडली? कारखान्यामागच्या मोकळ्या जागेत?… चार वर्षांपूर्वी नाहीशी झालेल्या त्या मुलीचीच? थांबा, थांबा, ते मला ठरवू द्या. तुम्ही फक्त भोवती दोरी बांधा, वर ताडपत्री टाका आणि लांब उभे राहा. मी तासाभरात…

काय? काढलीसुद्धा?

सगळी?… नाही, रागावत नाहीये. हा माझा नेहमीचा आवाज आहे.

अहो, ऐका ना. मागच्याच महिन्यात तुमच्या ठाण्यात मी तीन तास घसा कोरडा केला. हाड दिसलं की हात मागे, असं दहा वेळा सांगितलं… हो, तुम्ही पहिल्या रांगेत होता. मान डोलावत होता. मला वाटलं, कळतंय.

बरं, जागेवरचे फोटो तरी?… काढलेत. शाबास. शेजारी मोजपट्टी ठेवली होती?… बूट? कुणाचा बूट?… तुमचा. कितव्या नंबरचा?… नऊ. लिहून घेतलं. कोर्टात तोच घालून या.

आणि आता हाडं ठेवलीत कशी?… लहानापासून मोठ्यापर्यंत. ओळीनं. हो, दिसत असतील छान. अहो, माणूस आहे तो, पाना-पक्कडींचा संच नाही!

हो… हो… आणि त्यांना चिकटलेली माती?… स्वच्छ म्हणजे?…

धुतली?

साहेब, बसा. उभे असाल तर बसा… मी बसलेलीच आहे, म्हणून तर बोलतेय. तुमच्या कोठडीतला तो संशयित काय म्हणतो? ‘त्या साली हिवाळाभर मी परगावी होतो.’ बरोबर? म्हणजे खड्डा हिवाळ्यात खणला असेल तर तो सुटला, उन्हाळ्यात खणला असेल तर अडकला. आणि ते कोण सांगणार होतं? ती माती! तिच्यात गवताचं बी असतं, किड्यांची कवचं असतात. कुठल्या ऋतूत पुरलं, ते त्यांना ठाऊक. उद्या कोर्ट विचारणार, आणि तुम्ही तिथं आंघोळी घालत बसलाय!

कोण तो शहाणा? सांगा ना… हवालदार?… नाही? मग तुम्ही स्वतः?…

कुणाची आई?

…

तिला तिथं बसू कुणी दिलं?… हं… हटेचना… हं. खरं आहे, तुम्ही तरी काय म्हणणार.

फोन द्या त्यांना. नाही ओरडत. द्या.

ताई, नमस्कार… हो, मघाशी ओरडत होते ती मीच. इतकं ऐकू गेलं?… नाही हो, तुम्हाला नव्हतं. म्हणजे… मला माहीत नव्हतं.

ताई, एकच विचारते. कशात धुतलंत?… घमेल्यात. पाणी किती वेळा बदललं?… आणि आधीचं पाणी कुठं ओतलंत? गटारात?

नाही ओतलं?

सगळं ठेवलंय?… दोन बादल्यांत… का पण?…

हं.

हो… हो ताई. कसं टाकवेल.

ऐका, रडा, पण ऐका. तळाशी गाळ बसलाय ना? तोच हवाय मला. बारीक चाळणीतून काढेन… ती हीच का, ते आज नाही सांगता येणार. खोटं बोलणार नाही तुमच्याशी. दाताच्या आतून नमुना घेऊ, तो पाण्यानं जात नाही. मग तुमचाही घ्यावा लागेल… नाही, दुखत नाही. गालाला आतून कापूस फिरवायचा, बस.

मागे कोण बोलतंय?… साहेब? काय म्हणतात?… पसारा आवरायचाय? बादल्या उचलू का विचारतात?

ताई, दोन्ही बादल्या जवळ ओढा आणि मध्ये बसा. कुणी आलं तर सांगायचं, मॅडमनी माझ्या ताब्यात दिल्यात… साहेबांनाही? अहो, त्यांना तर सगळ्यात आधी.

ठेवते. निघालेच.