मागे फिरवलेली तारीख

(हैदराबाद, १९९९. गौलीगुड्यात चारुलताचं सिनेमा-ग्राफिक्सचं छोटं दुकान. समोर तिचा जुना मालक हर्षवर्धन, हातात हार्ड डिस्क.)

हर्षवर्धन : बावन्न शॉट गेले गं चारू! शुक्रवारी प्रिंट जायचीय. परेशान झालोय पुरता.

चारुलता : कॉम्प्युटरची तारीख अजून मागे करता?

हर्षवर्धन : हौ, रोज सकाळी. कोठीच्या बाजारातली नकली सीडी आहे प्रोग्रॅमची, तारीख पुढे गेली की चालतच नाही.

चारुलता : आणि बॅकअप तारीख बघूनच जुनं-नवं ठरवतो. तुमचं ताजं काम त्याला जुनं वाटलं, त्यानं त्यावर शिळं चढवलं. दोन वर्षांपूर्वी हेच झालं होतं.

हर्षवर्धन : तेव्हा कुणाला माहीत होतं?

चारुलता : मला. घसा फोडून सांगत होते. तुम्ही आबांना नारायणगुड्याच्या ऑफिसात बोलावलंत आणि सगळ्या स्टाफसमोर म्हणालात, तुमच्या पोरीनं गेलेले शॉट विकले.

हर्षवर्धन : गुस्स्यात बोललो. जाने दे ना.

चारुलता : एका घरात राहतो, आबा माझ्याशी एक शब्द बोलत नाहीत. तो फोन घ्या. आबा घरीच आहेत. जे झालं ते सांगा.

हर्षवर्धन : आत्ता? शॉट काढून देतेस ना मग?

चारुलता : आधी फोन.

हर्षवर्धन : ...हॅलो, भगवंतराव? मी हर्षवर्धन. हौ, तोच. ते शॉट... चारूनं नाही विकले. माझी सीडी चोरीची होती, चूक माझी होती. पोरीवर नाहक आळ घेतला. ...हॅलो? ...ठेवला त्यांनी. चल, लाव डिस्क.

चारुलता : नाही लावणार.

हर्षवर्धन : अगं, तू म्हणालीस...

चारुलता : फोन करा म्हणाले. काम करते असं कुठं म्हणाले?

हर्षवर्धन : मी बुडतो चारू!

चारुलता : बुडा. मला फार बरं वाटेल, खोटं कशाला बोलू? आणि पुढच्या वेळी प्रोग्रॅम डीलरकडून महिन्याच्या भाड्यानं घ्या. मी तशीच सुरुवात केली. नाहीतर फुकट वाटतात ते साधे प्रोग्रॅम शिका, परवान्याचे कागद स्वच्छ राहतात. तारीख मागे करावी लागत नाही.

हर्षवर्धन : इतका राग?

चारुलता : हा कमीच आहे.

हर्षवर्धन : ...फोन वाजतोय बघ. आबाच असतील. उचल ना!

चारुलता : वाजू दे थोडा. मीही दोन वर्षं थांबलेय.